नोकरी तात्पुरती, हक्क मात्र तात्पुरता नव्हे

(पळस्पे, तालुका पनवेल, येथे दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



आपले पळस्पे हे गाव रस्त्यांच्या फाट्यावर वसलेले आहे. जुना मुंबई-पुणे रस्ता येथून खोपोलीच्या घाटाकडे जातो आणि मुंबई-गोवा महामार्ग येथूनच कोकणाकडे वळतो. त्याच महामार्गावर पुढे महाड लागते. २० मार्च १९२७ रोजी चवदार तळ्याचे पाणी ओंजळीत घेऊन डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी जगाला सांगितले की, सार्वजनिक गोष्टीवर सर्वांचा सारखा हक्क असतो. आज त्या रस्त्याने रात्रंदिवस एस. टी.च्या गाड्या धावतात. गाडी सार्वजनिक, रस्ता सार्वजनिक, तिकिटाचा पैसा सार्वजनिक. मग ती गाडी चालविणाऱ्या माणसाची नोकरी तेवढी कोणाच्या तरी मर्जीवर का असावी, हा प्रश्न आज मी आपणांपुढे मांडणार आहे.

धम्म स्वीकारलेल्या पुष्कळ कुटुंबांत एखादा मुलगा, भाऊ किंवा जावई वाहन चालविण्याच्या धंद्यात असतो. कोणी एस. टी.च्या आगारात रोजंदारीवर असतो, कोणी बदली म्हणून बोलाविला जातो, तर कोणी ठेकेदाराच्या नावावर महापालिकेची बस हाकतो. घरी विचारले की उत्तर मिळते, "लागेल कधीतरी कायम." या "कधीतरी"त माणसाचे तारुण्य संपते, मुलांची शिक्षणे होतात किंवा अर्ध्यावर राहतात आणि एके दिवशी "उद्यापासून येऊ नका" असे शब्द कानांवर पडतात. वकिलीच्या धंद्यात असे कामगार मला वारंवार भेटतात. त्यांतील बहुतेकांचा समज असा असतो की, कायम करणे हा साहेबांचा उपकार आहे. हा समज चुकीचा आहे. विशिष्ट परिस्थितीत कायमपणा हा कायद्याने मागता येणारा हक्क आहे. ती परिस्थिती कोणती, हे समजून घेणे हेच आजच्या व्याख्यानाचे प्रयोजन होय.

आपल्या समाजाने एक प्रकारची चाकरी पिढ्यान्‌पिढ्या केली. तिला वतन म्हणत. महाराने रात्री-अपरात्री निरोप पोचवावा, सरकारी माणसाचे सामान वाहावे, गावाची हरतऱ्हेची कामे करावी, आणि त्याबदली थोडी इनाम जमीन व बलुते घ्यावे. कामाचे तास ठरलेले नव्हते, वेतन ठरलेले नव्हते, आणि घरचा कर्ता पुरुष हजर नसला तर घरातील दुसऱ्याला कामाला जुंपले जाई. १९ मार्च १९२८ रोजी बाबासाहेबांनी मुंबईच्या कायदेमंडळात या वतनाविषयी विधेयक आणले, ते याच कारणासाठी. अखेर १९५८ च्या कायद्याने ही कनिष्ठ वतने नष्ट झाली. वतनातील माणूस चाकरीला कायमचा बांधलेला होता, पण त्याला हक्क नव्हता. आजचा तात्पुरता चालक चाकरीला बांधलेला नाही, परंतु हक्क त्यालाही नाही. बाह्यतः या दोन स्थिती परस्परविरुद्ध आहेत. तथापि दोहोंचा परिणाम एकच: पोट दुसऱ्याच्या मर्जीवर अवलंबून राहते, आणि ज्याचे पोट दुसऱ्याच्या मर्जीवर, त्याची मान ताठ राहत नाही. ज्याला रजेचा अर्ज करतानाही भीती वाटते, तो अन्यायाविरुद्ध तोंड कसे उघडणार?

आता तात्पुरता म्हणजे कोण, हे पाहू. कामगार आपल्याला सरसकट "टेम्पररी" म्हणवितात. पण कायद्याच्या दृष्टीने त्यांत निदान चार प्रकार आहेत, आणि प्रत्येकाची वाट निराळी आहे. पहिला रोजंदार, ज्याला दिवसाच्या हिशेबाने मजुरी मिळते. दुसरा बदली, जो कायम चालक गैरहजर असला म्हणजे बोलाविला जातो. तिसरा मुदतीचा, ज्याच्या नेमणुकीच्या पत्रातच ती संपण्याची तारीख असते. चौथा ठेकेदाराचा, ज्याची नेमणूक महामंडळ किंवा महापालिका करीतच नाही; त्याला ठेकेदार पाठवितो. आपल्या घरातील माणूस या चारांपैकी कोणत्या प्रकारात मोडतो, हे त्याच्या नेमणूकपत्रावरून व पगाराच्या चिठ्ठीवरून आजच पाहून ठेवा. प्रकार कळला नाही तर मार्ग सापडणार नाही.

या राज्यातील सार्वजनिक वाहतूक नवी नाही. १ जून १९४८ रोजी पुणे ते अहमदनगर ही पहिली एस. टी. धावली, त्या शहराचे नाव आता अहिल्यानगर आहे. १९५० मध्ये संसदेने मार्ग परिवहन महामंडळांचा कायदा केला. म्हणजे एस. टी. ही पहिल्यापासून लोकांच्या मालकीची संस्था आहे. अशा संस्थेत रोजंदारांचा प्रश्नही तितकाच जुना आहे. १९५६ सालच्या कामगार करारात ४९ वे कलम होते. १८० दिवस सलग सेवा झालेल्या रोजंदार कामगाराला समयश्रेणीवर घ्यावे, असा त्याचा आशय. समयश्रेणी मिळणे आणि कायम होणे या दोन निराळ्या गोष्टी आहेत, हे मात्र ध्यानात ठेवावे. वेतनश्रेणीची पायरी चढली म्हणजे कायमपणाचे दार आपोआप उघडते असे नाही.

कामगाराला केव्हा कायम करावे, त्याला कसे काढावे, याविषयी मालकाने लेखी नियम केलेच पाहिजेत, असे बंधन घालणारा स्थायी आदेशांचा कायदा एप्रिल १९४६ मध्ये संमत झाला. त्या वेळी व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूर खात्याचे सभासद स्वतः बाबासाहेब होते. त्यापूर्वी फेब्रुवारी १९३८ मध्ये मनमाडला रेल्वेतील अस्पृश्य कामगारांच्या परिषदेत त्यांनी, हे कामगार गँगमनच्या कामावर वर्षानुवर्षे राबतात व त्यांना बढतीची आशा नसते, ही स्थिती उघड केली होती. नोकरीत शिरकाव मिळाला म्हणजे प्रश्न संपला, असे त्यांनी कधी मानले नाही. नोकरीतील दर्जा हाही समतेचाच प्रश्न आहे, ही त्यांची भूमिका होती.

आता कायद्याच्या मुख्य मुद्द्याकडे येऊ. महाराष्ट्राने १९७१ साली एक कायदा केला. कामगार संघटनांना मान्यता देणे आणि अनुचित कामगार प्रथांना प्रतिबंध करणे, हा त्याचा विषय. या कायद्याच्या चौथ्या अनुसूचीत सहावी बाब आहे. तिचा अर्थ सोप्या भाषेत असा: कायम कामगाराचा दर्जा व त्याचे फायदे मिळू नयेत या हेतूने माणसाला बदली, नैमित्तिक किंवा तात्पुरता म्हणून वर्षानुवर्षे ठेवणे, ही अनुचित प्रथा होय. येथे तीन शब्द महत्त्वाचे आहेत: तात्पुरता, वर्षानुवर्षे आणि हेतू. चार महिने कामावर ठेवून काम संपले म्हणून सोडले, तर ही बाब लागू होणार नाही. परंतु काम बारमाही आहे, गाडी रोज सुटते, त्याच गाडीवर तोच माणूस पाच-सहा वर्षे बसतो आणि कागदावर मात्र तो दर वेळी नवा दाखविला जातो, अशी स्थिती असेल तर हेतू शोधण्यास न्यायालयाला फार दूर जावे लागत नाही.

येथे एक मोठी शंका उपस्थित होते. १० एप्रिल २००६ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या पीठाने उमादेवी या नावाने प्रसिद्ध असलेल्या खटल्यात निर्णय दिला. सार्वजनिक नोकरीत मागच्या दाराने आलेल्या माणसाला केवळ तो पुष्कळ दिवस राहिला म्हणून कायम करता येणार नाही, असे त्या निर्णयाचे सार आहे. पुष्कळ कामगार या निर्णयाला आपला शत्रू समजतात. मला तसे वाटत नाही. सोळाव्या अनुच्छेदाने सर्वांना सार्वजनिक नोकरीत समान संधी दिली आहे. जाहिरात न देता, निवड न करता, कोणाच्या तरी चिठ्ठीवर माणसे भरली तर पहिला तोटा कोणाचा होतो? ज्याचा कोणी साहेब ओळखीचा नाही, त्याचा. म्हणजे आपलाच. म्हणून मागचे दार बंद असावे, हे आपल्याही हिताचे आहे. परंतु आपण पुढच्या दाराने आलो, जाहिरात वाचून अर्ज केला, गाडी चालविण्याची चाचणी दिली, निवडयादीत नाव लागले, आणि तरीही वर्षानुवर्षे रोजंदारीवर ठेवले गेलो, तर उमादेवीचा निर्णय आपल्या अंगावर फेकणे योग्य नव्हे.

ही गोष्ट सर्वोच्च न्यायालयानेच स्पष्ट केली, आणि ती ज्या खटल्यात स्पष्ट केली तो खटला आपल्या एस. टी.चा होता. कास्ट्राईब राज्य परिवहन कर्मचारी संघटना हे त्यातील कामगारांच्या बाजूचे नाव. कास्ट आणि ट्राइब हे दोन शब्द जोडून तयार झालेले हे नाव मागासवर्गीय कर्मचाऱ्यांच्या संघटनेचे आहे. १९८० नंतरच्या काही वर्षांत एस. टी.ने बसगाड्या धुण्या-झाडण्यासाठी अत्यल्प रोजावर माणसे घेतली होती. त्यांच्या वतीने १९७१ च्या कायद्याखाली औद्योगिक न्यायालयात तक्रारी झाल्या. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले आणि ऑगस्ट २००९ मध्ये निर्णय झाला. न्यायालय म्हणाले की, उमादेवीच्या निर्णयामुळे औद्योगिक न्यायालयाचा या कायद्याखालील अधिकार नष्ट झालेला नाही. मालकाने सहाव्या बाबीतील अनुचित प्रथा केली असेल आणि पदे अस्तित्वात असतील, तर कामगाराला कायम करण्याचा आदेश औद्योगिक न्यायालय देऊ शकते. त्याच वेळी न्यायालयाने एक मर्यादाही सांगितली: नवीन पदे निर्माण करणे हे न्यायालयाचे काम नव्हे.

या निर्णयाचा अर्थ नीट ध्यानात घ्या. ज्यांच्या हातात झाडू दिला गेला होता, त्या लोकांच्या संघटनेने हा कायदा साऱ्या महाराष्ट्रातील कामगारांसाठी सुरक्षित करून ठेवला. खटला सफाई करणारांचा होता. पण आज चालक असो, वाहक असो, यांत्रिक असो, जात कोणतीही असो, जो जो तात्पुरता कामगार औद्योगिक न्यायालयात उभा राहतो, त्याच्या वकिलाच्या हातात हा निर्णय असतो. आपल्या लोकांनी लढून मिळविलेली ही गोष्ट आपल्याच घरांत फारशी माहीत नसावी, याचा मला खेद होतो.

अलीकडे न्यायालयाचा सूर अधिक स्पष्ट झाला आहे. २६ ऑक्टोबर २०१६ रोजी पंजाबच्या एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, कायम माणसाइतकेच काम करणाऱ्या तात्पुरत्या कर्मचाऱ्याला त्या पदाच्या वेतनश्रेणीतील किमान वेतन मिळाले पाहिजे. २० डिसेंबर २०२४ रोजी जग्गो या नावाच्या खटल्यात केंद्रीय जल आयोगाच्या कार्यालयात वर्षानुवर्षे सफाईचे व बागकामाचे काम केलेल्या कर्मचाऱ्यांना कायम करण्याचा आदेश झाला, आणि उमादेवीच्या निर्णयाची ढाल करून दीर्घकाळ सेवा केलेल्यांना नाकारता येत नाही असे न्यायालयाने बजावले. १९ ऑगस्ट २०२५ रोजी उत्तर प्रदेशातील धरमसिंग यांच्या खटल्यात न्यायालयाने राज्याला आठवण करून दिली की, शासन हा बाजारातील साधा मालक नव्हे. तो संविधानाने बांधलेला मालक आहे, आणि पैशाची चणचण हे प्रत्येक अन्यायाचे उत्तर होऊ शकत नाही.

कायद्याच्या पुस्तकात नुकताच एक मोठा बदल झाला आहे, तोही सांगितला पाहिजे. २१ नोव्हेंबर २०२५ पासून औद्योगिक संबंध संहिता अमलात आली. १९२६ चा कामगार संघटनांचा, १९४६ चा स्थायी आदेशांचा आणि १९४७ चा औद्योगिक विवादांचा, असे तीन केंद्रीय कायदे तिच्यात विलीन झाले. आपल्या राज्याचा १९७१ चा कायदा त्या रद्द झालेल्या कायद्यांच्या यादीत नाही. शिवाय तात्पुरत्याला वर्षानुवर्षे तात्पुरता ठेवणे ही अनुचित प्रथा संहितेच्या दुसऱ्या अनुसूचीतही आहे. वर्षात २४० दिवसांची सेवा झालेल्या कामगाराला कपात करताना एक महिन्याची नोटीस व दर वर्षाच्या सेवेसाठी १५ दिवसांच्या वेतनाची भरपाई, हाही नियम कायम आहे. परंतु संहितेने मुदतीच्या नेमणुकीला उघड मान्यता दिली आहे. अशा माणसाला कायम कामगारासारखे वेतन व सवलती आणि एक वर्षानंतर ग्रॅच्युइटी मिळते; पण मुदत संपली म्हणजे नोकरी संपते, आणि त्याला कपात म्हणत नाहीत. म्हणून सही करण्यापूर्वी पत्रातील तारीख वाचा.

आता चौथ्या प्रकाराकडे, म्हणजे ठेकेदाराच्या चालकाकडे वळू. खरा धोका येथे आहे. सप्टेंबर २०२५ मध्ये राज्याचे परिवहनमंत्री प्रताप सरनाईक यांनी एस. टी.साठी १७,४५० चालक व सहायक तीन वर्षांच्या कंत्राटी पद्धतीने घेण्याचे जाहीर केले. दरमहा सुमारे ३०,००० रुपये किमान वेतन सांगण्यात आले. हातात काही नसलेल्या तरुणाला हा आकडा मोठा वाटेल, आणि त्याने अर्ज करू नये असे मी म्हणणार नाही. परंतु तीन वर्षांनंतर काय, हा प्रश्न त्याने आजच विचारावा. मुंबईत बेस्टने भाड्याच्या गाड्या घेतल्या. गाडीही ठेकेदाराची आणि चालकही ठेकेदाराचा. ऑगस्ट २०२३ मध्ये त्या चालकांनी वेतनवाढीसाठी जवळजवळ आठवडाभर काम बंद ठेवले. लोकांनी विचारले, बेस्टच्या चालकांचा संप का? उत्तर असे की, कायद्याच्या कागदावर ते बेस्टचे चालक नव्हतेच. अंगावरील गणवेश आणि गाडीचा रंग बेस्टचा, पगाराची चिठ्ठी मात्र दुसऱ्याची.

३० ऑगस्ट २००१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने पोलाद प्राधिकरणाच्या खटल्यात याविषयी नियम घालून दिला. ठेका खरा असेल तर ठेक्याचा कामगार मूळ मालकाच्या नोकरीत आपोआप सामावला जात नाही. पण ठेका नुसता देखावा असेल, तर तो कामगार पहिल्या दिवसापासून मूळ मालकाचाच समजला जाईल. देखावा की खरा, हे ठरविताना कागदावरील नावापेक्षा वस्तुस्थिती पाहिली जाते. काम कोण सांगतो? रजा कोण मंजूर करतो? गैरवर्तनाबद्दल शिक्षा कोण करतो? गाडी कोणाची, मार्ग व वेळापत्रक कोणाचे? त्याच वर्षी सिप्ला कंपनीच्या खटल्यात असेही ठरले की, मालक-कामगार हे नातेच वादग्रस्त असेल तर १९७१ च्या कायद्याखालील तक्रार थेट चालत नाही. आधी ते नाते निराळ्या विवादात सिद्ध करून घ्यावे लागते. म्हणून ठेक्याच्या कामगाराची वाट लांब आहे. ती बंद मात्र नाही.

नवदीक्षित कुटुंबांनी यात आणखी एक गोष्ट पाहिली पाहिजे. १९९० साली संसदेने कायदा करून बौद्ध झालेल्या अनुसूचित जातींच्या लोकांना त्यांच्या सवलती दिल्या. राज्याच्या आरक्षण कायद्याने सार्वजनिक सेवेत अनुसूचित जातींसाठी १३ टक्के जागा राखल्या आहेत. हे आरक्षण पदाला चिकटलेले असते. पद मंजूर, त्याची बिंदुनामावली, त्यानुसार भरती, अशी ती साखळी आहे. ठेकेदार माणसे घेतो तेव्हा पदही नसते आणि बिंदुनामावलीही नसते. संविधानातील एक शब्दही न बदलता, आरक्षणाचा कायदा जसाच्या तसा ठेवून, त्याच्या खालची जमीन काढून घेण्याचा हा मार्ग आहे. आरक्षणाच्या बाजूने मोर्चा काढणाऱ्या आपल्या तरुणांनी नव्या कंत्राटाची जाहिरातही तितक्याच काळजीने वाचावी.

महामंडळाच्या बाजूचे म्हणणेही आपण प्रामाणिकपणे ऐकले पाहिजे. एस. टी. तोट्याच्या मार्गावरही गाड्या सोडते. ७५ वर्षांवरील वृद्धांना मोफत आणि स्त्रियांना अर्ध्या तिकिटात नेते. पैसा अपुरा आहे. कायम नोकरांचा भार कसा सोसावा, असे म्हटले जाते. अडचण खरी आहे. पण त्या सवलती राज्याने दिल्या आहेत. त्यांचा भार राज्याने उचलावा, रोजंदार चालकाने नव्हे. दुसरे असे की, ठेकेदार फुकट काम करीत नाही. चालकाच्या वेतनावर त्याचा नफाही त्याच तिजोरीतून जातो. आणि तिसरे म्हणजे सुरक्षितता. चालकाच्या मागे चाळीस-पन्नास जीव बसलेले असतात. मुक्कामाची गाडी नेऊन पहाटे परत आलेला चालक "मला झोप हवी, आता गाडी नेणार नाही" असे म्हणू शकला पाहिजे. ज्याला उद्याची खात्री नाही तो हे वाक्य उच्चारू शकत नाही. चालकाचा कायमपणा हा प्रवाशाच्याही हिताचा आहे, असे मी म्हणतो ते यासाठी.

आता करावयाचे काय? सांगतो ते नीट ऐका आणि घरी जाऊन सांगा.

पहिली गोष्ट, कागद. जाहिरातीचे कात्रण, अर्जाची प्रत, चाचणीचे पत्र, निवडयादी, नेमणुकीची सर्व पत्रे, ओळखपत्र, पगाराच्या चिठ्ठ्या, भविष्य निर्वाह निधीचा उतारा आणि बँकेचे पुस्तक एका पिशवीत घालून ठेवा. २४० दिवस काम केले हे सिद्ध करण्याचा भार कामगारावर आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने २००२ साली सांगितले आहे, आणि २००५ साली असेही सांगितले आहे की नुसते शपथपत्र पुरत नाही. न्यायालयाकडून मालकाला हजेरीपट हजर करण्यास सांगता येते. एस. टी. ही सार्वजनिक संस्था असल्यामुळे २००५ च्या माहिती अधिकाराखाली आपल्या हजेरीच्या व कामगिरीच्या नोंदींच्या प्रती आधीच मागवून ठेवता येतात.

दुसरी गोष्ट, दिवसांची मोजणी. रोज एका वहीत तारीख, गाडीचा मार्ग व सुटण्याची वेळ लिहा. साप्ताहिक व पगारी सुट्ट्या या २४० दिवसांत धरल्या पाहिजेत, असे १९८५ साली अमेरिकन एक्सप्रेसच्या खटल्यात ठरले आहे. मंजूर रजा, आजार व अपघात यांमुळे सेवा खंडित होत नाही. मालकाने मध्येच दोन-चार दिवस घरी बसविले असेल, तर ती तारीखही लिहा. तो कृत्रिम खंड होता हे दाखविण्यास तीच उपयोगी पडेल.

तिसरी गोष्ट, मुदत. १९७१ च्या कायद्याखाली तक्रार घटना घडल्यापासून ९० दिवसांच्या आत करावी लागते. सबळ कारण असेल तर न्यायालय उशीर माफ करू शकते, पण माफीवर भरवसा ठेवू नये. कामावरून काढले असेल तर नव्या संहितेप्रमाणे न्यायाधिकरणाकडे जाण्याची मुदत दोन वर्षांची आहे. पूर्वी ती तीन वर्षांची होती. "साहेब पुन्हा घेतो म्हणाले" या आशेवर पुष्कळांच्या मुदती निघून जातात. तोंडी आश्वासन मिळाले तर ते ऐकावे, आणि अर्ज मात्र दाखल करावा.

चौथी गोष्ट, संघटना. १९७१ च्या कायद्याच्या २१ व्या कलमाप्रमाणे, जेथे मान्यताप्राप्त संघटना आहे तेथे या सहाव्या बाबीच्या तक्रारीत सामान्यतः तिच्यामार्फतच उभे राहावे लागते. म्हणून संघटनेबाहेर राहून तिला नावे ठेवण्यात अर्थ नाही. सभासद व्हा, पावती घ्या, सभेत बसा, आणि तात्पुरत्यांचा प्रश्न विषयपत्रिकेवर येईपर्यंत विचारीत राहा. कायम झालेल्या बांधवांनाही माझे सांगणे आहे: तात्पुरता माणूस हा तुमचा प्रतिस्पर्धी नव्हे. आज त्याचा हक्क गेला तर उद्या तुमच्या निवृत्तीनंतर तुमचे पद भरलेच जाणार नाही, आणि तुमच्या मुलाला अर्ज करण्यास जागा उरणार नाही.

पाचवी गोष्ट, वकिलाचा खर्च. तो आपल्याला परवडणार नाही म्हणून पुष्कळजण गप्प बसतात. १९८७ च्या विधी सेवा कायद्याने अनुसूचित जातींचे लोक, स्त्रिया व औद्योगिक कामगार यांना मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे. तालुक्याच्या न्यायालयात विधी सेवा समिती असते. तेथे अर्ज करणे हे भीक मागणे नव्हे.

माझ्या भगिनींना शेवटी एक विनंती आहे. घरातील पुरुष गाडीवर असतो. कागद सांभाळणे आणि वही लिहून घेणे हे काम आपणच नीट करू शकता. मुलगा किंवा मुलगी दहावीपर्यंत शिकली असेल तर वडिलांच्या हजेरीची वही तिच्याकडे द्या. ज्या घरात पूर्वी अक्षर येऊ दिले गेले नाही, त्या घरातील मुलीने बापाच्या हक्काची नोंद आपल्या हाताने लिहावी, याहून अक्षराचा चांगला उपयोग कोणता?

आपण जुना धर्म सोडला तेव्हा जन्माने मिळालेली पायरी नाकारली. नोकरीतही कोणी आपल्याला कायमचे खालच्या पायरीवर बसवू पाहत असेल, तर तेथेही तोच नकार दिला पाहिजे, आणि तो कायद्याच्या मार्गाने, मुदतीत व पुराव्यानिशी दिला पाहिजे. सम्यक् आजीविका म्हणजे प्रामाणिक कष्टाची भाकरी. ती भाकरी मानाने खाता यावी एवढीच आपली मागणी आहे. आज रात्री घरी गेल्यावर नेमणुकीचे पत्र शोधून काढा, त्यावरील तारीख पाहा, आणि तेथून दिवस मोजण्यास आरंभ करा.

जयभीम.